खडकावरचे आठ तास: भर समुद्रातली दीपगृहे कशी उभी राहिली

लाटवेळ (धागाकर्ता)

१८६७ साल. फ्रान्सच्या पश्चिम टोकाला, ब्रिटनीतल्या सेन बेटाच्याही पुढे आर-मेन नावाचा खडक आहे. मोठी ओहोटी लागली की त्याचा माथा जेमतेम पाण्याबाहेर येतो. त्यावर दीपगृह बांधायचे ठरले. पाया धरण्यासाठी आधी खडकात भोके पाडून लोखंडी सळ्या बसवायच्या होत्या. हे काम सेन बेटावरच्या कोळ्यांनी पत्करले, कारण त्या पाण्यातून होडी कशी काढायची हे त्यांनाच ठाऊक होते. अंगाला बुचाचे पट्टे बांधून ते खडकावर पालथे पडत, एका हाताने खडक धरत आणि दुसऱ्याने काम करत. लाट आली की चिकटून राहायचे, ओसरली की पुन्हा घाव घालायचा. त्या वर्षी सात वेळा उतरता आले. एकूण काम झाले आठ तास. भोके पडली पंधरा.

हा आकडा पहिल्यांदा वाचला तेव्हा मला छपाईची चूक वाटली होती. पण पुढच्या वर्षाचा हिशेबही तसाच आहे: १६ वेळा उतरले, १८ तास काम, आणखी ४० भोके. दिवा पेटला तो ३१ ऑगस्ट १८८१ ला, म्हणजे चौदा वर्षांनी.

दीपगृहांवरच्या लेखांत उंची आणि प्रकाशाचा पल्ला नेहमी दिलेला असतो. माझ्या मते भर समुद्रातल्या दीपगृहाचे खरे माप दुसरेच आहे: त्या खडकावर माणसाला उभे राहून काम करायला किती वेळ मिळाला. दगडांचा आकार, चुन्याचा प्रकार, कामगारांच्या राहण्याची सोय, हे सगळे त्या वेळेच्या टंचाईतून ठरले.

सुरुवात एडिस्टोनपासून करायला हवी. इंग्लंडमधल्या प्लिमथ बंदराच्या तोंडाशी, किनाऱ्यापासून सुमारे १४ किलोमीटरवर हे खडक आहेत. बंदरात शिरणाऱ्या जहाजांच्या वाटेवरच. हेन्री विन्स्टन्ली या कोरीवकाम करणाऱ्या, यंत्रांचा नाद असलेल्या माणसाने १६९६ मध्ये इथे काम सुरू केले. तेव्हा फ्रान्सशी युद्ध चालू होते. फ्रेंच खाजगी लढाऊ जहाजाने त्याला खडकावरूनच पकडून नेले. चौदाव्या लुईने त्याला सोडून दिले. आपले युद्ध इंग्लंडशी आहे, माणुसकीशी नाही, असे तो म्हणाल्याचे सांगतात. १४ नोव्हेंबर १६९८ ला दिवा लागला. पहिल्याच हिवाळ्यात लाटा माथ्यावरून जाताना दिसल्या, म्हणून विन्स्टन्लीने मनोरा आणखी जाड आणि उंच केला. आजवरच्या सर्वात मोठ्या वादळात आपण आत असावे अशी त्याची इच्छा होती. नोव्हेंबर १७०३ च्या महावादळाच्या रात्री तो खरोखरच आत होता. सकाळी खडकावर वाकलेल्या काही लोखंडी सळ्यांखेरीज काही उरले नव्हते.

दुसरा मनोरा जॉन रडयर्ड नावाच्या रेशमाच्या व्यापाऱ्याचा. त्याने जहाज बांधणाऱ्या सुतारांना हाताशी धरले आणि आत दगडाचे वजन, बाहेर लाकडी फळ्यांचे आवरण असा गुळगुळीत, निमुळता मनोरा उभा केला. हा १७०९ पासून १७५५ पर्यंत टिकला. लाटांनी त्याचे काही बिघडवले नाही, तो आगीत गेला. २ डिसेंबर १७५५ च्या रात्री वरच्या दिवाघराला आग लागली. हेन्री हॉल हा ९४ वर्षांचा राखणदार खालून वर पाणी फेकत होता, तेव्हा छताचे वितळलेले शिसे त्याच्या अंगावर आणि तोंडात पडले. तो आणखी बारा दिवस जगला. त्याच्या पोटातून निघालेला सुमारे २०० ग्रॅमचा शिशाचा गोळा आज स्कॉटलंडच्या राष्ट्रीय संग्रहालयात आहे. उपचार करणाऱ्या डॉक्टरवर त्या काळी कोणी विश्वास ठेवला नव्हता.

तिसरा मनोरा जॉन स्मीटन या इंग्लिश अभियंत्याचा. पुढच्या सगळ्या बांधकामांचे मूळ त्यात आहे, पण त्याबद्दल इथल्या बांधकाम क्षेत्रातल्या मंडळींनी लिहावे अशी विनंती. मला दगडातले तेवढे कळत नाही.

खडीचुना

उत्तम धागा. स्मीटनबद्दल मी लिहितो, पोटापाण्याचा विषय आहे.

स्मीटनने ओकच्या झाडाचा बुंधा डोळ्यासमोर ठेवला, हे सर्वत्र वाचायला मिळते. बुडाशी रुंद, वर बाकदार होत निमुळता. पण माझ्या मते त्याची मोठी कामगिरी आकारापेक्षा सांध्यांमध्ये आणि चुन्यामध्ये आहे.

आधी सांधे. लाकडी पेटीच्या कोपऱ्यावर सुतार डव्हटेलचा सांधा करतो, म्हणजे एका फळीचा पुढे पसरलेला दात दुसरीच्या खाचेत बसवतो, तो ओढून निघत नाही. स्मीटनने प्रत्येक थरातले दगड एकमेकांत तसेच अडकवले. खालचा थर तर खडकातच कोरलेल्या खाचांत बसवला. बाहेरून ग्रॅनाइट, आत पोर्टलंडचा दगड. एका थरावरचा दुसरा थर सरकू नये म्हणून मध्ये संगमरवराचे ठोकळे आणि ओकच्या खुंट्या. आता इथे तुमचा वेळेचा मुद्दा येतो. चुना धरायला वेळ लागतो आणि भरती तर काही तासांत येणार. त्या अवधीत दगड नुसत्या चुन्याच्या भरवशावर ठेवला तर पहिलीच लाट त्याला उचलून नेईल. अडकवलेला दगड मात्र चुना ओला असतानाही जागचा हलत नाही. म्हणजे डव्हटेल हा आधी बांधकाम चालू असतानाचा बचाव आहे, मनोरा पुरा झाल्यानंतरचा नंतर.

आता चुना. साधा चुना हवेत घट्ट होतो, पाण्याखाली नाही. स्मीटनने ठिकठिकाणचे चुनखडीचे दगड आणून भाजून पाहिले आणि आम्लात विरघळवूनही पाहिले. ज्या दगडाचा विरघळल्यावर मातकट गाळ उरतो, म्हणजे ज्यात चिकणमाती आहे, त्याचाच चुना पाण्यात घट्ट होतो हे त्याच्या लक्षात आले. वेल्समधल्या अ‍ॅबरथॉचा तसा चुना आणि इटलीतली पोझोलाना ही ज्वालामुखीची राख समप्रमाणात मिसळून त्याने मसाला केला. पुढे सिमेंटचा जो शोध लागला, त्याची वाट या प्रयोगांतून जाते. एका दीपगृहासाठी केलेले हे काम आज आपण राहतो त्या प्रत्येक इमारतीच्या पायात आहे, म्हणून मला स्मीटनबद्दल फार आदर आहे.

१६ ऑक्टोबर १७५९ ला त्याचा दिवा लागला. चोवीस मेणबत्त्या!

ओहोटी

वाचतेय. एक शंका. लाटेला अडवणारी भिंतच नको, नुसते लोखंडी खांब उभे करायचे आणि पाणी मधून जाऊ द्यायचे, असे कोणाला सुचले नाही का? वजनही कमी, वेळही कमी.

खडीचुना

सुचले, आणि कागदावर हिशेबही बरोबर दिसत होता. इंग्लंडच्या नैर्ऋत्य टोकापलीकडच्या सिली बेटांजवळच्या बिशप रॉकवर असेच ओतीव लोखंडी पायांचे दीपगृह बांधले होते. दिवा लागायच्या आधीच, फेब्रुवारी १८५० च्या वादळात ते सगळे वाहून गेले. त्या जागी ग्रॅनाइटचा मनोरा बांधला, तो १८५८ मध्ये पुरा झाला आणि पुढे त्यालाही बाहेरून दगडांचे दुसरे कवच चढवावे लागले.

अमेरिकेत मॅसॅच्युसेट्सच्या किनाऱ्याजवळ मायनॉट्स लेज नावाचा खडक आहे. तिथे १८५० मध्ये लोखंडी खांबांवर दिवा लागला. मनोरा वाऱ्यात फार हलतो म्हणून पहिल्या राखणदाराने तक्रारी केल्या आणि शेवटी नोकरी सोडली. एप्रिल १८५१ च्या वादळात मनोरा कोसळला. मुख्य राखणदार त्या वेळी किनाऱ्यावर होता. आत असलेले दोन सहाय्यक गेले. किनाऱ्यावरच्या लोकांना रात्री उशिरापर्यंत त्यांनी वाजवलेली घंटा ऐकू येत होती असे सांगतात. १८६० मध्ये तिथेच एकमेकांत अडकवलेल्या ग्रॅनाइटचा मनोरा पुरा झाला. तो आजही उभा आहे.

पण लोखंडी खांब सगळीकडे चुकीचे होते असेही नाही. उथळ, वाळूच्या तळावर ते छान टिकले. अलेक्झांडर मिचेल या आयरिश अभियंत्याने स्क्रूसारखे टोक असलेले खांब वाळूत पिळून बसवण्याची युक्ती काढली. टेम्सच्या मुखाशी मॅप्लिन सँड्सवर त्याचे दीपगृह झाले. मिचेलची दृष्टी तरुणपणीच गेली होती, तरी तो स्वतः होडीतून कामावर जाई. प्रश्न उघड्या समुद्रातल्या खडकांचा होता. तिथे लाट सगळ्या बळानिशी येते, आणि ती वरच्या खोलीपर्यंत पोहोचली की पायांमधली मोकळी जागा काही कामाची नाही.

जुना_नकाशा

बेल रॉक अजून कसा आला नाही?

स्कॉटलंडच्या अर्ब्रोथजवळ, किनाऱ्यापासून सुमारे १८ किलोमीटरवर हा लांबट खडक आहे. दिवसातून दोनदा भरतीत पूर्ण बुडतो, ओहोटीला काही तासच वर येतो. १८०४ मध्ये यॉर्क नावाची युद्धनौका सगळ्या माणसांसकट नाहीशी झाली. ती याच खडकावर फुटली असे मानले गेले, आणि मग पैसे मंजूर करायला संसद तयार झाली. १८०७ मध्ये काम सुरू झाले.

मला यातला एक दिवस विसरता येत नाही. २ सप्टेंबर १८०७. खडकावर ३२ माणसे काम करत होती आणि त्यांना परत न्यायला असलेले ‘स्मीटन’ नावाचे जहाज नांगर सुटून वाहत गेले. जवळ उरल्या दोन होड्या. त्यात सगळे मावणे शक्यच नव्हते. अभियंता रॉबर्ट स्टीव्हन्सनला हे दिसत होते, गवंड्यांना आणि लोहारांना अजून दिसले नव्हते. ते मान खाली घालून काम करत होते. पाणी वर चढले, लोहाराची भट्टी विझली, तेव्हा एकेक जण हत्यारे घेऊन होडीकडे आला आणि जहाज जागेवर नाही हे सगळ्यांना कळले. कोणी काही बोलले नाही. स्टीव्हन्सन सांगायला पुढे झाला, तर तोंडाला इतकी कोरड पडली होती की शब्द फुटेना. खडकातल्या डबक्यातले खारे पाणी त्याने तोंडात घेतले. तेवढ्यात कोणीतरी ओरडले: होडी! अर्ब्रोथहून पत्रे घेऊन येणारी वाटाड्याची होडी नेमकी त्या वेळी पोहोचली होती.

पुढे खडकावरच उंच लाकडी पायांवर एक घर उभारले गेले. माणसे भरतीच्या वेळी तिथेच राहू लागली. रोजचा जाण्यायेण्याचा वेळ वाचला आणि ओहोटी लागताच, रात्र असली तर मशाली पेटवून, काम सुरू करता आले. समुद्रात बांधलेले ते तात्पुरते घर माझ्या मते मनोऱ्याइतकेच धाडसी काम आहे.

दगड अर्ब्रोथच्या आवारात घडत. प्रत्येक थर आधी जमिनीवर पुरा मांडून, जुळवून, खुणा करून मगच जहाजावर चढे, कारण खडकावर छिन्नी घेऊन दुरुस्ती करत बसायला वेळ कुठला. एकूण २८३५ दगड. किनाऱ्यावर ते गाडीतून ओढणाऱ्या घोड्याचे नाव बासी. म्हातारपणी त्याला इंचकीथ बेटावर चरायला सोडले होते. १ फेब्रुवारी १८११ ला दिवा लागला. मनोरा ३५ मीटर, खालचे ३० फूट सलग भरीव. दोनशे वर्षांहून अधिक काळ तो तसाच उभा आहे.

शुक्रतारा_०७

सुरेख प्रतिसाद. एक दुरुस्ती मात्र सुचवतो. बेल रॉकचा प्रमुख अभियंता कागदोपत्री जॉन रेनी होता. स्टीव्हन्सन त्याचा सहाय्यक. श्रेय कोणाचे यावरून दोन्ही घराण्यांच्या पुढच्या पिढ्यांत वाद झाले.

जुना_नकाशा

मान्य. बुडाचा बाक किती पसरट असावा यात रेनीचा हात होता, आणि संसदेला त्याच्या नावाचा भरवसा वाटला हेही खरे. पण चार हंगाम खडकावर पाय भिजवत कोण राहिला, हा प्रश्न विचारला तर माझे मत स्टीव्हन्सनलाच. त्याने रेनीला शंका विचारणारी पत्रांवर पत्रे लिहिली, उत्तरे घेतली आणि बऱ्याचदा स्वतःला पटेल तेच केले.

लाटवेळ (धागाकर्ता)

दोघांचेही आभार. या वादात मला खडकावरच्या माणसाकडे झुकल्याशिवाय राहवत नाही.

रॉबर्टचा मुलगा अ‍ॅलन याने स्केरीव्होर बांधले. स्कॉटलंडच्या पश्चिमेकडच्या टायरी बेटाच्या नैर्ऋत्येला सुमारे १९ किलोमीटर, पूर्ण अटलांटिक समोर. १८३८ च्या पहिल्या हंगामात फक्त कामगारांचे लाकडी घर उभे करता आले. नोव्हेंबरच्या वादळाने ते साफ नेले, वाकलेले लोखंड तेवढे ठेवले. पुढच्या उन्हाळ्यात पुन्हा पहिल्यापासून. १८४४ च्या फेब्रुवारीत दिवा लागला. ४८ मीटरचा हा मनोरा पाहिला की बांधकामाचे काही न कळणाऱ्यालाही तो देखणा वाटतो.

खडीचुना, एक प्रश्न. अ‍ॅलनने वरच्या थरांत डव्हटेल जवळजवळ सोडूनच दिले आणि वजनावर भर दिला असे वाचले. मग स्मीटनची पद्धत गरजेपेक्षा जास्तच होती का?

खडीचुना

गरजेपेक्षा जास्त नव्हती. परिस्थिती वेगळी होती. स्केरीव्होरचा दगड प्रचंड, एकूण चार हजार टनांच्या वर. खालचे वजन पुरेसे असेल तर लाटेच्या ढकलण्याला घर्षणच पुरते, आणि तो खडक बेल रॉकसारखा रोज बुडत नाही, त्यामुळे ओल्या चुन्यालाही सवलत मिळते.

लाटेचे बळ किती हे तोवर सगळे अंदाजानेच ठरत होते. अ‍ॅलनचा भाऊ थॉमस याने स्प्रिंग बसवलेली लोखंडी तबकडी खडकावर ठोकून ते मोजले. स्केरीव्होरला मार्च १८४५ मध्ये प्रत्येक चौरस फुटावर ६०८३ पौंड दाब नोंदला गेला. आपल्या मापात चौरस मीटरला जवळपास ३० टन. मी रोज वाऱ्याच्या दाबाचे हिशेब करतो, त्यापुढे हा आकडा शेकडो पट आहे.

आकाराबद्दलही एक सांगतो. स्मीटनच्या बाकदार बुडाचा एक दोष होता. लाट त्या बाकावरून वर चढत थेट दिव्यापर्यंत जाई. म्हणून १८८२ मध्ये पुरा झालेल्या आजच्या एडिस्टोनला जेम्स डग्लस या अभियंत्याने खाली सरळ उभ्या भिंतीचे रुंद, भरीव जोते दिले. लाट तिथेच फुटते. झाडाच्या बुंध्याची उपमा सव्वाशे वर्षे गाजली, पण झाडाला समुद्रात उभे राहावे लागत नाही!

काचकाम

दगडावर एवढी चर्चा आणि दिव्यावर एकही ओळ नाही, म्हणून लिहिते.

चोवीस मेणबत्त्यांचा उजेड चहूकडे पसरतो, वर आकाशातही आणि खाली पाण्यातही. खलाशाच्या डोळ्यापर्यंत त्यातला फारच थोडा पोहोचतो. ऑग्युस्तीन फ्रेनेल या फ्रेंच शास्त्रज्ञाने जाड भिंगाचे तुकडे करून त्यातली फुकट जाडी काढून टाकली आणि मधल्या भिंगाभोवती काचेची कडी रचली. प्रत्येक कडे प्रकाशाला वळवून एकाच आडव्या पट्ट्यात पाठवते. १८२३ मध्ये ते भिंग फ्रान्सच्या कोर्दुआन दीपगृहात लागले. जिरोंद नदीच्या मुखाशी असलेले हे दीपगृह १६११ सालचे. आत राजासाठी दालन आणि प्रार्थनामंदिरसुद्धा आहे, आणि आज ते जागतिक वारसा आहे. फ्रेनेल क्षयाने १८२७ मध्ये गेला, वय ३९.

भिंग फिरते केले की उजेडाचे झोत होतात आणि प्रत्येक दीपगृहाला आपली ओळख मिळते: इतक्या सेकंदांनी इतक्या चमका. चमका मोजल्या की आपण कुठे आहोत ते खलाशाला कळते. बेल रॉकला यासाठी पांढरा आणि तांबडा उजेड आलटून पालटून दाखवत. कित्येक टनांचे भिंग फिरवायला घड्याळासारखे यंत्र असे, त्याचे वजन मनोऱ्याच्या पोकळीतून हळूहळू खाली उतरे आणि राखणदार ते रात्रभर पुन्हापुन्हा वर गुंडाळत. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस भिंगे पाऱ्यावर तरंगवू लागले, मग बोटाने ढकलले तरी फिरत. पण त्या पाऱ्याच्या वाफेत माणसे वर्षानुवर्षे राहिली, हे मला अस्वस्थ करते.

ओहोटी

आणि आत राहणारी माणसे? स्कॉटलंडजवळच्या फ्लॅनन बेटावरचे तीन राखणदार अर्धवट जेवण टाकून गायब झाले ती गोष्ट खरी आहे का?

शुक्रतारा_०७

माणसे गायब झाली हे खरे, जेवणाचे खोटे. डिसेंबर १९०० मधली घटना. २६ तारखेला बदलीचा माणूस घेऊन जहाज पोहोचले तेव्हा दीपगृहात कोणी नव्हते. स्वयंपाकघर आवरलेले होते. अर्धे ताट, उलटी खुर्ची ही नंतरच्या एका कवितेतली भर आहे. रडणाऱ्या राखणदारांच्या ज्या नोंदी फिरतात त्याही कोणीतरी मागाहून रचलेल्या. पश्चिमेच्या धक्क्यावर समुद्रापासून तीसेक मीटर उंचीवरसुद्धा मोडतोड झालेली होती आणि एकाचा पावसाळी कोट घरातच राहिला होता. सामान वाचवायला गेलेल्यांना लाटेने नेले असावे, असा तपासणाऱ्या अधिकाऱ्याचा निष्कर्ष. तीन माणसे कामावर असताना गेली, त्यांच्या नावावर भुताटकी रचू नये असे मला मनापासून वाटते.

तीनच माणसे का, यामागेही एक दुःखद हकीकत आहे. वेल्सजवळच्या स्मॉल्स खडकावर लाकडी खांबांवरचे दीपगृह होते आणि तिथे दोघे असत. १८०० च्या सुमारास त्यातला एक वारला. दोघांचे पटत नाही हे सगळ्यांना माहीत होते, म्हणून खुनाचा आळ येईल या भीतीने दुसऱ्याने प्रेत समुद्रात सोडले नाही. पेटी करून ती बाहेर कठड्याला बांधली. वादळामुळे आठवडेच्या आठवडे बोट येऊ शकली नाही. तोवर त्याने दिवा एकदाही विझू दिला नाही. किनाऱ्यावर आला तेव्हा मित्रांना ओळखू येईना. त्यानंतर तिथे तिघे ठेवण्याचा नियम आला.

लाटवेळ (धागाकर्ता)

ही हकीकत वाचून थोडा वेळ काही लिहावेसे वाटले नाही.

एडिस्टोन १९८२ मध्ये माणसांविना चालू लागले, बेल रॉक १९८८ मध्ये, आर-मेन १९९० मध्ये. इंग्लंडच्या नैर्ऋत्य टोकाजवळच्या वोल्फ रॉकवर १९७३ मध्येच दिव्याच्या वर हेलिकॉप्टर उतरायची चौकट बसवली होती. त्याआधी बदलीचा माणूस दोराला लटकून होडीतून खडकावर येई, आणि समुद्र खवळलेला असला तर आतल्याने थांबायचे.

ओहोटी

शेवटची शंका. स्मीटनचा मनोरा एवढा भक्कम होता तर डग्लसने नवा का बांधला?

खडीचुना

मनोरा ठीक होता, खालचा खडक पोखरला जात होता. मोठ्या लाटेसरशी मनोरा थरथरे. म्हणून डग्लसने शेजारच्या खडकावर नवा उभारला. स्मीटनचा वरचा भाग दगड दगड सुटा करून प्लिमथला आणला आणि किनाऱ्यावरच्या ‘हो’ (Hoe) नावाच्या मैदानावर पुन्हा जोडला. तो आत जाऊन पाहता येतो. खालचा भरीव भाग मात्र खडकापासून सुटेना, म्हणून तसाच ठेवला. आजच्या एडिस्टोनच्या कुठल्याही छायाचित्रात मनोऱ्याच्या बाजूला जो बुटका दगडी बुंधा दिसतो, तो १७५० च्या दशकात गवंड्यांनी दोन भरतींच्या मधल्या वेळात रचलेला आहे.